राहणाऱ्या बाईचं स्वतःचं घर पुस्तकात कधी येणार?

मा. संपादक,
सप्रेम नमस्कार.

तुमच्या पुरवणीत मागे घरकाम करणाऱ्या बायकांवर लेख आला होता, पगार किती, सुट्टी किती, ब्युरोवाले पहिल्या महिन्याचे किती कापून घेतात वगैरे. चांगला होता, कात्रण काढून ठेवलंय. पण तेव्हापासून एक गोष्ट डोक्यातून जात नाहीये. सकाळी येऊन दोन तासात भांडी-लादी करून जाणारी बाई वेगळी आणि चोवीस तास तुमच्या घरातच राहणारी वेगळी, दोघींना आपण एकाच शब्दात बसवतो, पण पहिलीला संध्याकाळी स्वतःचं घर असतं आणि दुसरीचं घर तीनशे-चारशे किलोमीटरवर कुठेतरी असतं आणि तिच्याशिवायच चाललेलं असतं. मी आयुष्यभर भरपूर वाचलं, पण हे दुसरं घर मला मराठी पुस्तकात जवळजवळ भेटलंच नाही. त्याबद्दल हे पत्र.

आधी माझा या विषयाशी संबंध काय ते सांगते. आमच्या आजोबांना मुंबईत सगळे रामा म्हणायचे. त्यांचं नाव रामा नव्हतं. कोकणातून येऊन शेठ लोकांकडे राहणाऱ्या गड्याला मुंबईत रामाच म्हणायची पद्धत होती, रामागडी हा शब्द जुन्या लोकांना आठवत असेल. आजोबा राजापूर तालुक्यातले, जैतापूरहून बोटीने आले ते वाळकेश्वरला एका घरात राहिले, भांडी घासायची, पाणी भरायचं, मुलांना शाळेत सोडायचं, शेठजींचे पाय चेपायचे आणि रात्री स्वयंपाकघराबाहेरच्या पॅसेजमध्ये सतरंजी टाकून झोपायचं. पत्र्याची एक ट्रंक, तेवढीच काय ती त्यांची जागा. गणपतीला आणि शिमग्याला गावी जायचे, दोन्ही मिळून वर्षाचे पंधरा-वीस दिवस. बाबा मॅट्रिक होईपर्यंतचा हिशोब मी एकदा त्यांच्याबरोबर बसून केला तर बाप-लेक मिळून एक वर्षसुद्धा एका छपराखाली राहिलेले नव्हते. शेठजींच्या मुलाला सायकल शिकवली आजोबांनी, बाबांना सायकल कधी आलीच नाही. हे बाबा तक्रार म्हणून सांगायचे नाहीत, नुसतं सांगायचे, आणि मला ते तक्रारीपेक्षा जास्त लागायचं.

मी वाचायला लागले तेव्हा आजोबांना पुस्तकात शोधायचे. ठाण्यात वाढले, इथे वाचनालयांची काय कमी, मराठी ग्रंथ संग्रहालय तर १८९३ सालचं, त्यामुळे वाचायला मिळालं नाही असं म्हणायला मला जागाच नाही. आणि गडी भेटायचाही, नाही असं नाही. नाटकाचा पडदा वर गेला की खांद्यावर फडकं टाकून खुर्च्या पुसणारा, फोन उचलून घोटाळा करणारा, मालवणी बोलला की हशा घेणारा. कथा-कादंबरीत असला तर एकनिष्ठ, मालकाच्या मुलासाठी जीव टाकणारा, नाहीतर चोर. पण तो सुट्टीवर गेला की पुस्तक त्याच्याबरोबर बोटीत बसायचं नाही, पुस्तक शेठच्याच घरी थांबायचं! त्याची बायको त्या दहा दिवसांत त्याच्याशी काय बोलते, मूल त्याला ओळखतं का, परत निघताना कोण रडतं, हे कुणी बघायला गेलेलंच नाही.

बाहेरच्या भाषांत शोधलं तेव्हा रवींद्रनाथांची एक गोष्ट सापडली, १८९१ सालची, खोकाबाबूर प्रत्यावर्तन. रायचरण नावाचा गडी बाराव्या वर्षी एका घरात कामाला लागतो, तिथल्या मुलाला सांभाळतो, तो मुलगा मोठा झाल्यावर त्याच्याही मुलाला सांभाळतो, आणि एक दिवस पद्मा नदीच्या काठी ते लेकरू त्याच्या हातून नाहीसं होतं. मालकिणीला वाटतं यानेच पळवलं. पुढे रायचरणला स्वतःचा मुलगा होतो, बायको जाते, आणि त्याच्या मनात येतं की हा तोच मुलगा परत आलाय. मग जमीन विकून, कलकत्त्यात पुन्हा दुसऱ्याच्या घरी चाकरी करून, स्वतःच्या मुलाला मालकाच्या मुलासारखा वाढवतो आणि शेवटी मालकाकडे नेऊन सोपवतो, म्हणतो मीच चोरला होता. मुलगाही त्याला बाप मानत नाही, उलट मोठ्या मनाने म्हणतो याला महिन्याला काहीतरी द्या. ते पैसे गावच्या पत्त्यावर पाठवतात तर परत येतात, तिथे कोणीच नाही.

मी ही गोष्ट पहिल्यांदा वाचली तेव्हा आजोबांच्या मनीऑर्डरच्या पावत्या आठवल्या, आजीने त्या सुतळीत ओवून ठेवलेल्या होत्या. आमच्याकडे पैसे यायचे आणि माणूस यायचा नाही, त्या गोष्टीत माणूसच संपला आणि पैसे परत फिरले. पण रवींद्रनाथ तरी त्याच्या मागे त्याच्या गावापर्यंत गेले, त्याला मुलगा दिला, त्या मुलाला नाव दिलं. तरीही ती जमीनदार घरातल्या मोठ्या लेखकाने लिहिलेली गोष्ट आहे. रायचरणने स्वतः सांगितली असती तर बायको गेली ती रात्र त्यात एका वाक्यात संपली नसती असं मला फार वाटतं.

स्वतः सांगणारी आपल्याकडे एक होऊन गेली, आणि तिला आपण या नजरेने बघतच नाही. जनाबाई. गंगाखेडची पोर, पंढरपूरला दामाशेटींच्या घरी लहानपणीच आली आणि तिथेच राबत राहिली, म्हणजे राहणारी मोलकरीणच की. साडेतीनशेच्या आसपास अभंग तिच्या नावावर सांगतात आणि त्यात दळण आहे, कांडण आहे, शेणी आहेत, केर आहे. "झाडलोट करी जनी, केर भरी चक्रपाणी" हे आपण भक्ती म्हणून गातो, ते आहेच भक्ती, पण दिवसभर कामाला दुसरा हात नसलेल्या बाईला केर भरायला कोणीतरी यावंसं वाटणं हेही आहे त्यात. आणि "आई मेली बाप मेला, मज सांभाळी विठ्ठला" हे मी आता वाचते तेव्हा मला त्यात दुसऱ्याच्या घरात वाढलेली पोर दिसते. सहा-सातशे वर्षांपूर्वी एका दासीने एवढं बोलून ठेवलं, मग मधली इतकी वर्षं बाकीच्या गप्प का?

मला वाटतं याचं कारण एकटेपण आहे. १९८० साली पुण्यात मोलकरणींनी संप केला, कुणी मोठा नेता सांगायला आला नव्हता, बायकाच एकमेकींशी बोलल्या आणि काम बंद केलं, त्यातून संघटना उभी राहिली. त्या बायका बोलू शकल्या कारण त्या नळावर भेटायच्या, रस्त्यात भेटायच्या. राहणारी बाई कुणाला भेटणार? घोडबंदर रोडच्या टॉवरमध्ये पंचविसाव्या मजल्यावर ती आणि पेशंट, मधे सर्व्हिस लिफ्ट, खाली गेटवर तिच्या नावाचा पास, बिल्डरच्या प्लॅनमध्ये युटिलिटीच्या बाजूला सर्व्हंट रूम म्हणून जो चौकोन असतो तिथे आमच्या ओळखीच्या तीन घरांत तरी वॉशिंग मशीन, सायकली आणि दिवाळीचे कंदील ठेवलेत आणि बाई हॉलमध्ये झोपते. तिची गोष्ट ऐकायला दुसरी बाईच नसते. जी गोष्ट कधी तोंडातून बाहेर पडत नाही ती कागदावर कुठून येणार.

हे मी दुसऱ्यांना दोष द्यायला लिहीत नाहीये. सासूबाई तीन वर्षं अंथरुणाला आहेत, त्यांच्यासाठी आमच्याकडेही चोवीस तासवाल्या मावशी आहेत. आम्ही मावशी म्हणतो, खरं तर माझ्यापेक्षा पंधरा वर्षांनी लहान आहेत. यवतमाळकडच्या. मुलगी दहावीला, मुलगा सातवीला, दोघं आजीजवळ. रोज रात्री नऊला ओट्याला टेकून व्हिडिओ कॉल करतात, रेंज गेली की फोन खिडकीच्या जाळीपर्यंत वर धरतात. नाव लिहीत नाही, विचारलं तर नको म्हणाल्या, बाकी लिहा म्हणाल्या.

गेल्या पावसाळ्यात मी बेबी हालदार यांचं आलो-आँधारि हे आत्मकथन हिंदीतून वाचत होते. ज्यांना माहीत नसेल त्यांच्यासाठी सांगते, या बाई बंगालमधून नवऱ्याला सोडून तीन मुलांना घेऊन दिल्लीकडे आल्या, गुडगावला प्रबोध कुमार म्हणून एक निवृत्त प्राध्यापक होते त्यांच्याकडे कामाला लागल्या, हे प्रेमचंदांचे नातू. पुस्तकांची धूळ पुसताना बाई पुस्तकांपाशी रेंगाळतात हे त्यांच्या लक्षात आलं, त्यांनी आधी वाचायला पुस्तक दिलं आणि मग वही-पेन देऊन सांगितलं लिही. त्यांनी बंगालीत लिहिलं, पण पुस्तक आधी हिंदीत आलं, २००२ मध्ये, प्रबोध कुमारांनीच केलेलं, नंतर २००६ ला इंग्रजीत आलं, आणि त्यातला भाग एनसीईआरटीच्या अकरावीच्या हिंदीच्या पुस्तकातही आहे.

सासूबाई झोपल्या की मी ते मावशींना वाचून दाखवायला लागले, हिंदी वाचायचं आणि मराठीत सांगायचं. बेबीताई राहत असतात ते घर बुलडोझरने पाडतात आणि त्या रात्रभर मुलांना घेऊन उघड्यावर बसतात, तो भाग आला. मला वाटलं मावशी रडतील. त्या नाही रडल्या, म्हणाल्या असं होते जी. मग प्रबोध कुमार त्यांना स्वतःच्या घरात खोली देतात ते आलं तर मावशींनी विचारलं, "त्या खोलीले आतून कडी होती का?"

मी पानं उलटीपालटी करून बघितली. कडीचं काही सापडलं नाही. एवढी पुस्तकं वाचून मला हा प्रश्न कधी पडला नव्हता, आणि मावशींच्या डोक्यात पहिला तोच आला, कारण याआधीच्या एका घरी, कुठलं ते त्या सांगत नाहीत, त्या वर्षभर आतून कडी नसलेल्या खोलीत दाराला बादली लावून झोपल्या होत्या. आमच्याकडे त्या सासूबाईंच्या खोलीत खाली गादी घालून झोपतात. कडी आहे, पण ती खोली त्यांची नाही.

दुसरा प्रश्न मोठ्या मुलाचा. बेबीताईंचा मोठा मुलगा कुणाकडे तरी कामाला नेलेला असतो, तो कुठे आहे हे आईला कळत नाही, आणि शेवटी प्रबोध कुमार त्याला शोधून आणतात. तो सापडेपर्यंत मावशींनी मला पुस्तक बंद करू दिलं नाही, साडेअकरा वाजले होते. त्यानंतर चार दिवस त्या बोलत होत्या. स्वतःच्या मुलाचं पहिलं चालणं त्यांनी फोनवर ऐकलं, बघितलं नाही, तेव्हा साधा फोन होता. मुलगी वयात आली तेव्हा त्या भांडुपला कुणाच्या तरी बाळाला तेल लावत होत्या. घरी गेल्या की पहिले दोन दिवस मुलं त्यांना अहो-जाहो करतात. हे मी कुठल्या कादंबरीत वाचलं असतं?

आणि मग वाटतं, आमच्या आजीला कुणी चार दिवस विचारलं असतं तर.

कायद्याचं थोडं लिहिते, कारण त्यातही हेच दिसतं. महाराष्ट्रात घरेलू कामगार कल्याण मंडळाचा कायदा २००८ चा आहे. जगाच्या पातळीवर २०११ च्या जूनमध्ये आंतरराष्ट्रीय कामगार संघटनेत घरकामगारांसाठी १८९ नंबरचा करार झाला, त्यात आठवड्याला सलग चोवीस तास सुट्टी आणि त्या सुट्टीत मालकाच्या घरात थांबायची सक्ती नाही असं स्पष्ट लिहिलंय. भारताने त्याच्या बाजूने मत दिलं पण अजून त्याला मंजुरी दिलेली नाही. ती घरात न थांबण्याची ओळ मी मावशींना वाचून दाखवली तर म्हणाल्या मी जाऊ कुठं? गेल्या महिन्यापासून रविवारी दुपारी मी सासूबाईंजवळ बसते आणि त्या तलावपाळीला जातात, तिथे त्यांच्या गावाकडची एक बाई भेटलीय, नौपाड्यात एका आजोबांकडे राहते. दोघी बाकावर बसतात आणि बोलतात एवढंच. पहिल्या रविवारी घरी आल्या तेव्हा आवाज बसला होता.

तर साहेब, माझी विनंती अशी आहे. पुरवणीत लेखकांचे, डॉक्टरांचे, सीएंचे कॉलम असतात, त्यातली पंधरा दिवसांतून एकदा अर्धं पान जागा या बायकांना द्या. आमच्यासारख्या मालकिणींनी आमची मावशी किती चांगली आहे असं लिहिलेलं नको, त्यांनी सांगितलेलं, त्यांच्या बोलीत, नाव नको असेल तर नावाशिवाय, आणि छापायच्या आधी त्यांना वाचून दाखवून. मानधनही त्यांनाच. प्रकाशकांनाही सांगते, बायका सांगायला तयार आहेत, तुम्ही फक्त व्याकरण सुधारायला जाऊ नका.

लिहून घ्यायला माणूस हवं असेल तर मी येते. ठाण्यात कुठेही, कोपरी, वर्तकनगर, मानपाडा, कासारवडवली, टीएमटीने फिरायची सवय आहे. मावशींचं तर सुरूच झालंय, शंभर पानी वहीत चाळीस पानं झाली आणि अजून त्या लग्नापर्यंतच आल्यात. दहावीची परीक्षा झाली की पुढचं त्यांची मुलगी लिहून घेणार आहे, फोनवरून, नऊ वाजता.

आपली,
एक वाचक, ठाणे (पश्चिम)