तो वण आणि अडगळीतले डबे

मा. संपादक,
स.न.वि.वि.

मूकपट म्हटले की आपल्याकडे पौराणिक कथा आणि चॅप्लिन एवढेच आठवते. म्हणून १९२० सालच्या ‘विदिन अवर गेट्स’ या अमेरिकी मूकपटावर आपण सविस्तर लेख छापावा, अशी कळकळीची विनंती आहे. ऑस्कर मिशो यांचा हा चित्रपट. कृष्णवर्णीय दिग्दर्शकाने केलेल्या कथापटांपैकी आज पाहता येणारा हा सर्वांत जुना.

नायिका सिल्व्हिया शिक्षिका आहे. दक्षिणेतल्या गरीब कृष्णवर्णीय मुलांच्या शाळेसाठी ती उत्तरेत पैसे जमवत फिरते. तिचे पूर्वायुष्य आपल्याला अगदी शेवटी कळते, तेही दुसरीच्या तोंडून. तिला वाढवणारे आईवडील वाट्याने शेती करणारे. जमीनदाराच्या खुनाचा खोटा आळ घेऊन गोरा जमाव त्यांना फासावर लटकवतो. त्याच वेळी मेलेल्या जमीनदाराचा भाऊ सिल्व्हियावर बळजबरी करू पाहतो. झटापटीत तिच्या छातीवरचा जुना वण त्याला दिसतो आणि तो थिजतो. ही त्याचीच मुलगी, कृष्णवर्णीय बायकोपासून झालेली. तिच्या शिक्षणाला त्याने पैसे पुरवले होते.

आपल्या चित्रपटांत जन्मखूण किंवा लॉकेट दिसले की हरवलेली माणसे रडत एकमेकांच्या गळ्यात पडतात. इथे ओळख पटते आणि पाहणाऱ्याच्या अंगावर काटा येतो. मिशो फाशीचा आणि बळजबरीचा हे दोन्ही प्रसंग आलटून पालटून दाखवतात, त्यामुळे बाहेरचा जमाव आणि घरातले पाप वेगळे काढताच येत नाही. शिकागोच्या सेन्सॉरने आधी परवानगीच नाकारली होती. १९१९ची तिथली वांशिक दंगल ताजी होती.

हा चित्रपट कित्येक वर्षे हरवलेलाच होता. एकच प्रत स्पेनमध्ये ‘ला नेग्रा’ या नावाने सापडली, पडद्यावरच्या मजकुराच्या पाट्या स्पॅनिशमध्ये. त्या पुन्हा इंग्रजीत आणून लायब्ररी ऑफ काँग्रेसने १९९३मध्ये तो उभा केला.

त्याच १९२० सालचा बाबूराव पेंटरांचा ‘सैरंध्री’ मात्र आपल्याला पाहता येत नाही. कीचकवधामुळे तोही सेन्सॉरला खुपला होता. पुण्यात १९६४पासून राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय आहे. जुन्या चित्रपटगृहांच्या मालकांच्या, तंबू सिनेमावाल्यांच्या घरी माळ्यावर जुन्या फिल्मचा एखादा गंजका डबा अजून असेल. असा डबा सापडल्यास या संग्रहालयाला कळवावे, असे आवाहन आपण वाचकांना करावे. सोबत एवढे जरूर छापावे की डबा घरी उघडू नये, उन्हात किंवा चुलीजवळ ठेवू नये. त्या काळची नायट्रेट फिल्म चटकन पेट घेते.

आपला,
एक वाचक, कोल्हापूर