दीवला उभी आहे ती खुकरी बुडालेली नव्हे

मा. संपादक, सप्रेम नमस्कार.

दिवाळीच्या सुट्टीत आपल्या नाशिकची निम्मी जनता सापुताऱ्यावरून गुजरातेत उतरते, त्यातले बरेच जण पुढे दीवला जातात, आम्ही पण गेलो होतो. आल्यावर बघतो तर सोसायटीच्या ग्रुपवर एकाने तिथल्या जहाजावरचा फॅमिली फोटो टाकलेला आणि खाली लिहिलेलं, "1971 मध्ये बुडालेली हीच ती आयएनएस खुकरी." त्यावर साठेक जणांचे नमस्कार. मी म्हटलं अहो, बुडालेलं जहाज धक्क्याला कसं लागेल? तर मलाच म्हणे गूगल करा. त्यात भर म्हणजे मागच्या डिसेंबरात एका पेपरात (तुमच्या नव्हे, काळजी नसावी) खुकरीच्या लेखाला हाच फोटो लावला होता, म्हणून हे पत्र.

खुकऱ्या दोन आहेत. पहिली इंग्लंडात बांधलेली फ्रिगेट, म्हणजे मध्यम आकाराची युद्धनौका, 1958 ला नौदलात आली, तिचा नंबर 149. दुसरी आपल्या मुंबईत माझगाव डॉकला बांधलेली, 1989 ची, नंबर 49, ती तेहेतीस वर्षं नोकरी करून डिसेंबर 2022 ला सुखरूप रिटायर झाली आणि मग दीवला म्युझियम म्हणून दिली. पहिलीचं नाव पुसलं जाऊ नये म्हणून दुसरीला ते दिलं आणि आपण दोघींचीच गल्लत करून बसलो. पहिली बघायचीच असेल तर तिथेच समुद्राकाठच्या टेकडीवर स्मारक आहे, काचेत तिचं छोटं मॉडेल ठेवलंय, पण तिथे गर्दी कमी, सेल्फी नीट येत नाही बहुतेक.

खरी खुकरी दीवपासून साधारण 40 सागरी मैलांवर तळाशी आहे. भारत-पाक युद्ध चालू होतं, 9 डिसेंबर 1971 ची रात्र, पावणेनऊचा सुमार. पाकिस्तानची हंगोर पाणबुडी त्या भागात फिरतेय हे कळलं होतं आणि तिला शोधायलाच खुकरी आणि तिच्या जोडीची युद्धनौका किरपाण निघाल्या होत्या. आता गंमत बघा, गंमत कसली म्हणा, पाणबुडीचा सोनार (आवाजावरून पाण्यातलं जहाज हुडकणारं यंत्र) नवा आणि लांबचं ऐकणारा, आपला जुना. त्याचा पल्ला वाढवायला लेफ्टनंट व्ही. के. जैन या तरुण अधिकाऱ्याने एक यंत्र तयार केलं होतं, त्याची चाचणी जहाजावर चालू होती आणि त्यासाठी वेग कमी ठेवावा लागत होता. म्हणजे शिकारी हळू आणि सावज आधीच दबा धरून. हंगोरने पहिला टॉर्पेडो, म्हणजे पाण्याखालून जाणारा बॉम्ब, किरपाणवर सोडला तो फुटलाच नाही, दुसरा खुकरीला लागला आणि काही मिनिटांत जहाज गेलं. 18 अधिकारी, 176 नौसैनिक गेले. जैन पण त्यातच. वाचलेल्यांनी रात्र पाण्यात काढली, सकाळी आपल्या जहाजांनी त्यांना उचललं.

खुकरीचे कॅप्टन महेंद्रनाथ मुल्ला यांनी आपलं लाइफजॅकेट दुसऱ्याला दिलं आणि स्वतः जहाज सोडलं नाही, त्यांना मरणोत्तर महावीर चक्र मिळालं, हे बऱ्याच जणांना माहीत असतं. पण स्वातंत्र्यानंतर युद्धात आपण गमावलेली ही एकमेव युद्धनौका, हे ग्रुपवर कुणालाच माहीत नव्हतं. आपलं नाशिक तोफखान्याचं गाव, देवळालीच्या तोफा आणि ओझरची मिग विमानं पोरांनाही ठाऊक, समुद्राचं मात्र आपल्याला फारसं काही नाही, त्यामुळे ग्रुपवाल्यांना मी फार दोष देत नाही.

4 डिसेंबरला नौदल दिन, तेव्हा त्याच युद्धातल्या कराचीवरच्या हल्ल्यावर सगळे पेपर पानभर छापतात, छापावंच. पाचच दिवसांनी 9 तारीख येते तेव्हा एखादा कॉलम खुकरीला द्या आणि तेवढा फोटो 149 चा लावा.

एक जुना वाचक, इंदिरानगर, नाशिक