सुहास, टॅगचं काम अजून संपलेलं नाही

प्रिय सुहास,

परवा फोनवर तू म्हणालास, "आरएफआयडीत आता शोधायचं काय उरलंय? टॅग चिकटवला, रीडरने वाचला, झालं." तेव्हा मी घाईत होतो, पण रेडिओ लहरींनी वस्तू ओळखण्याच्या या तंत्राबद्दलचं ते वाक्य मनातून जाईना.

बिनबॅटरीच्या टॅगचं जगणं डोळ्यांपुढे आण. रीडरच्या लहरींतून मिळेल त्या ऊर्जेवर चिप जागी होते. दूरवरून वाचल्या जाणाऱ्या आजच्या चांगल्या चिपला साधारण १० मायक्रोवॅट पुरतात. ती स्वतः लहर निर्माण करत नाही, आलेलीच कमी-जास्त परतवते. १९४८ साली हॅरी स्टॉकमन यांनी मांडलेली कल्पना हीच. पण मोकळ्या जागेतही अंतर दुप्पट झालं की परतलेला संदेश १६ पटींनी क्षीण होतो. त्यात पाणी लहरी शोषतं आणि धातूजवळ अँटेनाचा सूर बिघडतो. खोक्यावर छान बोलणारा माझा टॅग भरलेल्या बाटलीवर मुका झाला, तेव्हा ते खरं उमगलं.

मला सर्वांत छळतो तो गुपिताचा प्रश्न. साधा टॅग विचारेल त्या रीडरला आपला क्रमांक सांगतो, म्हणजे अंगावरच्या वस्तूवरून माणसाचा माग काढता येतो. जवळून वाचल्या जाणाऱ्या मायफेअर क्लासिक कार्डांत ४८ बिटांची किल्ली होती आणि कूटलेखनाची, म्हणजे संदेश गुपित करण्याची, पद्धत गुप्त ठेवलेली. २००८ मध्ये संशोधकांनी ती पद्धत उलगडून दाखवली. त्याच सुमारास, २००७ मध्ये, 'प्रेझेंट' हे चिमुकलं कूटलेखन आलं. चिपवरच्या सुमारे १,५७० गेटांत, म्हणजे तर्काच्या मूलभूत मंडलांत, मावणारं! तरी प्रत्येक जादा गेट ऊर्जा खातं, चिप महाग करतं. दूरवरून वाचल्या जाणाऱ्या टॅगांच्या 'जेन-२' या मानकाच्या २०१३ च्या आवृत्तीत कूटलेखनाची सोय आली, पण ऐच्छिक. मला हे पटत नाही. ज्याच्या खिशात टॅग जातो, त्याला कुणी विचारलेलंच नसतं.

आता तुझ्या संख्याशास्त्रातलं. शेकडो टॅग एकदम बोलले की गोंधळ होतो, म्हणून प्रत्येक जण एका फेरीतला एक कप्पा, म्हणजे बोलण्यासाठीचा छोटा वेळ, यदृच्छेने निवडतो. कप्पे टॅगांइतकेच असतील तेव्हा उत्तम. तरीही जेमतेम ३७ टक्के कप्पेच कामी येतात. आणि समोर टॅग किती आहेत हेच रीडरला ठाऊक नसतं! रिकामे, एकट्याचे आणि धडकेचे कप्पे मोजून तो अंदाज बांधायचा असतो. काही टॅग ऊर्जेअभावी गप्प राहिले, तर हा अंदाज कितपत टिकेल? यावर तू कागद-पेन्सिल घेऊन बसावंस अशी फार इच्छा आहे. माझी आकडेमोड सोबत जोडतो आहे.

तुझा,
अनिरुद्ध