ज्येष्ठता यादी आधी, बढती नंतर

संपादक महोदय,

बढतीचा आदेश सूचनाफलकावर लागतो आणि मग डावललेला कर्मचारी वकील शोधू लागतो, हा क्रमच उलटा आहे. भांडण बढतीचे दिसत असले तरी त्याचे मूळ वर्षानुवर्षे कपाटात पडून राहिलेल्या ज्येष्ठता यादीत असते. गोव्यातल्या सहकारी बँकांच्या संचालक मंडळांनी आणि कर्मचारी संघटनांनी हे मनावर घ्यावे, म्हणून हे पत्र.

ती यादी एकदा समोर घेऊन पाहा. अनेकदा रकाने चारच असतात: क्रमांक, नाव, शाखा, रुजू दिनांक. एकाच निवड यादीतला एकजण पणजीत पहिल्या तारखेला रुजू होतो आणि गुणानुक्रमाने त्याच्या वर असलेला दुसरा काणकोणला चार दिवसांनी. नुसता रुजू दिनांक धरला की वरचा खाली जातो. त्याहून वाईट प्रकार संगणकाचा. कोअर बँकिंगमध्ये माहिती भरताना कर्मचारी क्रमांक शाखावार दिले गेले, तर मुख्यालयातल्या माणसाला 41 मिळतो आणि त्याच्याच तुकडीतल्या वाळपईच्या माणसाला 118. पुढे यादी त्याच क्रमाने छापली जाते आणि कोणाचे लक्ष नसताना तीच ज्येष्ठता ठरते. म्हणून यादीत नेमणूक आदेशाचा दिनांक, निवड यादीतील क्रमांक, कायम झाल्याचा दिनांक आणि सध्याच्या श्रेणीत आल्याचा दिनांक हे रकाने हवेतच.

सेवा नियमांनुसार नेमणूक झाली असेल तर ज्येष्ठता नेमणुकीच्या दिनांकापासून मोजायची, कायम झाल्याच्या दिनांकापासून नव्हे. आणि नियम डावलून केलेली तात्पुरती सेवा त्यात धरायची नाही, असे सर्वोच्च न्यायालयाने 1990 मध्ये महाराष्ट्रातील अभियंत्यांच्या प्रकरणात सांगितले. ते प्रकरण सरकारी सेवेचे. बँकेच्या सेवा नियमात वेगळी तरतूद असेल तर आधी ती पाहावी लागते.

दुसरा घोळ बढतीच्या नियमातल्या ‘ज्येष्ठता-सह-गुणवत्ता’ या शब्दांचा. समिती सगळ्यांना गुण देते, जास्त गुणवाल्याला वर काढते आणि नियमाप्रमाणे केले म्हणते. ग्रामीण बँकांच्या प्रकरणांत 1998 मध्येच सर्वोच्च न्यायालयाने याचा अर्थ स्पष्ट केला आहे: पदाला लागणारी किमान गुणवत्ता आधी ठरवा, ती पार करणाऱ्यांत जो ज्येष्ठ, त्याला बढती, मग धाकट्याला दहा गुण जास्त का असेनात. तुलनेने निवडच करायची असेल तर नियमात ‘गुणवत्ता-सह-ज्येष्ठता’ लिहावे लागते. एका शब्दाच्या जागेने माणसाची पंधरा वर्षे इकडची तिकडे होतात.

दाद कुठे मागायची, यातही माणसे चुकतात. सहकारी बँक सहसा घटनेच्या 12 व्या कलमातील ‘राज्य’, म्हणजे सरकारी यंत्रणा, ठरत नाही. 2006 मध्ये हिमाचलच्या एका सहकारी बँकेच्या बाबतीत सर्वोच्च न्यायालयाने तसे म्हटले आहे. त्यामुळे थेट पर्वरीला उच्च न्यायालयात रिट घेऊन गेले की याचिका चालते का, इथेच अडकायला होते. आंध्रच्या एका सहकारी बँकेच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाच्या 1969 च्या निकालात सेवाशर्तींचा वाद सहकारी संस्थांच्या निबंधकाकडचा नसून औद्योगिक न्यायाधिकरणाकडचा, असे ठरले. पण तिथे जाण्यासाठी अर्जदार ‘कामगार’ असावा लागतो. त्यासाठी हुद्द्याचे नाव नव्हे, प्रत्यक्ष काम पाहतात. शिवाय काढून टाकलेला कर्मचारी एकटा दाद मागू शकतो, बढतीच्या वादाला मात्र संघटनेची किंवा सहकाऱ्यांची साथ लागते. जुन्या औद्योगिक विवाद कायद्यात हे होते, औद्योगिक संबंध संहितेतही आहे. आणि ज्यांच्या वर आपल्याला जायचे आहे, त्यांनाही वादात पक्षकार करावे लागते. हे राहून गेले तर चांगले प्रकरण हातचे जाते.

सगळ्यात महाग पडतो तो उशीर. बढतीला आव्हान सहा महिन्यांत, फार तर वर्षभरात द्यावे, असे सर्वोच्च न्यायालयाने 1974 सालीच म्हटले आहे. ‘साहेबांना तोंडी सांगितले होते’ हा पुरावा होत नाही. हरकत दोन प्रतींत लिहावी, आपल्या प्रतीवर आवक क्रमांक, तारीख आणि शिक्का घ्यावा, नेमणूक आदेशाची झेरॉक्स जोडावी. महिनाभरात उत्तर नाही आले तर त्याच क्रमांकाचा हवाला देऊन स्मरणपत्र द्यावे. मात्र स्मरणपत्रांवर स्मरणपत्रे पाठवल्याने मुदत वाढत नाही.

बँकांकडे मागणी एवढीच. दरवर्षी 1 जानेवारीची स्थिती दाखवणारी कच्ची यादी प्रत्येक शाखेत लावा, हरकतींना 30 दिवस द्या, संचालक मंडळाच्या ठरावाने यादी अंतिम करा आणि त्यानंतरच बढती समितीची बैठक बोलवा. हरकत फेटाळताना ‘नियमानुसार’ एवढा एकच शब्द लिहून कागद परत करू नका. नियम कुठला, त्याचा क्रमांक लिहा.

— सहकारी बँक कर्मचारी चळवळीतील एक कार्यकर्ता, फोंडा