पेशंट ‘औषध घेतलं’ म्हणतो तेव्हा : वैद्यकीय शिक्षण मंत्र्यांना खुलं पत्र

माननीय वैद्यकीय शिक्षण मंत्री,
महाराष्ट्र राज्य

साहेब, नमस्कार.

मी कोल्हापूरची, शिक्षण मात्र घरापासून लांब एका सरकारी कॉलेजात झालं. नाव लिहीत नाही, कारण जे सांगायचंय ते एका कॉलेजपुरतं नाहीये, कुठल्याही सरकारी कॉलेजच्या पोरांना विचारा, असंच काहीतरी ऐकायला मिळेल. आता इंटर्नशिप चालू आहे, चार दिवस घरी आलेय आणि बरेच दिवस मनात असलेलं लिहून टाकतेय. पत्र लांबेल, पण शेवटपर्यंत वाचा ही विनंती.

थर्ड इयरला मेडिसिनची पोस्टिंग होती तेव्हाची गोष्ट. कॅज्युअल्टीत एक पस्तिशीतला माणूस आणला, बरोबर त्याचा भाऊ. पेशंटला दरदरून घाम, तोंडातनं लाळ गळतेय. मला हिस्टरी घ्यायला, म्हणजे काय झालं ते विचारून लिहून घ्यायला सांगितलं. भाऊ म्हणाला, “सकाळी औषध घेतलंय त्यानं.” आणि मी ते ड्रग हिस्टरीत (चालू औषधांच्या नोंदीत) लिहून घेतलं आणि विचारत बसले, कशाचं औषध, कुठल्या डॉक्टरांनी दिलं, किती दिवस चालू आहे. भाऊ नुसता माझ्या तोंडाकडं बघत राहिला. तेवढ्यात जेआर (ज्युनियर रेसिडेंट) मॅडम आल्या, डोळ्यावर टॉर्च मारली, बाहुल्या टाचणीच्या टोकाएवढ्या झालेल्या, त्यांनी भावाला एवढंच विचारलं, “कशावर मारायचं औषध होतं? बाटली आणलीय का?” आणि लगेच अ‍ॅट्रोपिन, म्हणजे त्या विषावरचा उतारा सुरू झाला. माणूस वाचला. मी शहरात वाढलेली, इंग्लिश मीडियमची, ‘औषध घेणं’ म्हणजे गावाकडं कीटकनाशक पिणं हे मला माहीतच नव्हतं. रात्री घरी फोन केला तर पप्पा (मूळचे भुदरगडकडचे) म्हणाले, अगं हे कुणीपण सांगेल. पण मला कुणी सांगितलं नव्हतं, आणि आदल्याच रात्री मी ऑरगॅनोफॉस्फरस पॉयझनिंगचे, म्हणजे याच कीटकनाशकांच्या विषबाधेचे एमसीक्यू (पर्याय निवडायचे प्रश्न) सोडवले होते, सगळे बरोबर आले होते.

तेव्हापासून विचार करतेय की आम्ही ज्याच्यावरनं अभ्यास करतो ते नेमकं कशासाठी बनवलंय.

फर्स्ट इयरलाच सीनियर सांगतात की अ‍ॅप घेऊन टाक. व्हिडिओ, छापील नोट्स, क्वेश्चन बँक, सगळं त्यात असतं. वर्गणी हजारांच्या घरात. ज्यांच्या घरी जमतं ते घेतात, बाकीचे तिघं-चौघं मिळून एक अकाउंट चालवतात, मग प्रिलिमच्या आठवड्यात एकानं उघडलं की दुसऱ्याचं बंद पडतं, पहाटे तीन ते पाच माझा टर्न असं वेळापत्रक आम्ही होस्टेलच्या भिंतीवर लावलं होतं. अ‍ॅपवाल्यांना मी नावं ठेवत नाही, मला पॅथॉलॉजी तिथंच कळली. पण ते बनवलंय नीट पीजीसाठी, म्हणजे एमबीबीएसनंतर एमडी-एमएसला जायच्या प्रवेश परीक्षेसाठी. २०० प्रश्न, साडेतीन तास, बरोबरला ४ मार्क, चुकलं की १ वजा. त्या प्रश्नात पेशंट कसा असतो बघा. वय लिहिलेलं, धंदा लिहिलेला, काय होतंय ते शुद्ध मेडिकल इंग्रजीत, ब्लड रिपोर्टसकट. म्हणजे हिस्टरी दुसऱ्याच कुणीतरी घेऊन ठेवलेली असते, आपण फक्त चारातला एक पर्याय निवडायचा. वॉर्डात तसं नसतं, तिथं पेशंट त्याच्या भाषेत बोलतो आणि त्यातनं ते वाक्य आपल्याला तयार करायला लागतं. फायनल इयरच्या प्रॅक्टिकललाही तेच, लाँग केस म्हणजे अनोळखी पेशंट, ठरलेला वेळ आणि मग एक्झामिनरसमोर इंग्रजीत प्रेझेंटेशन. याच्यासाठी फुकट आणि नीट तपासलेलं असं आमच्या हातात काय आहे, तर सीनियरच्या केसवहीची झेरॉक्स, आणि तीही झेरॉक्सची झेरॉक्स, कडेच्या ओळी गेलेली.

कागदावर सगळं आहे हे मला मान्य आहे. २०१९ च्या बॅचपासून नवीन अभ्यासक्रम आला, त्यात पहिल्या वर्षापासून पेशंटशी ओळख, संवादाचं वेगळं मॉड्यूल, लॉगबुक, सुरुवातीच्या फाउंडेशन कोर्समध्ये स्थानिक भाषासुद्धा धरलीय. चांगलाच विचार आहे तो. पण भाषेचे तास होतात तेव्हा आम्ही अजून एकही पेशंट बघितलेला नसतो, आणि पेशंट समोर येतो तोपर्यंत ते तास विसरून गेलेले असतात. नेक्स्ट (एमबीबीएसच्या शेवटी देशभर एकच घ्यायची) परीक्षेचंही तसंच, कायद्यात २०१९ पासून आहे, २०२३ मध्ये पुढं ढकलली. त्यामुळं पोरं काय करतात, जी परीक्षा नक्की होणारे तिच्या मागं लागतात, आणि पोस्टिंगला हजेरी लावून लायब्ररीत पळतात. मीपण पळालेय.

आणि अजून एक. ऑक्टोबर २०२४ मध्ये राज्यात एकदम १० नवीन सरकारी मेडिकल कॉलेजं सुरू झाली, ९०० जागा वाढल्या. गडचिरोली, हिंगोली, वाशीम, बुलढाणा. मनापासून आनंद झाला. पण तिथल्या पहिल्या बॅचला सीनियरच नाहीत साहेब. झेरॉक्स कुणाच्या वहीची मारायची? सर्जरीची केस घेताना आधी काय विचारायचं हे रात्री अकरा वाजता कुणाच्या रूमचं दार वाजवून विचारायचं? आमच्या शिक्षणाचा केवढा भाग सीनियरच्या खोलीत होतो हे बाहेरच्या माणसाला कळणार नाही.

जानेवारी २०२५ पासून केंद्राचं वन नेशन वन सबस्क्रिप्शन सुरू झालंय, सरकारी संस्थांना जवळपास १३,००० जर्नल्स मोकळी. पीजीच्या ताई-दादांना थीसिसला सोनं आहे ते. पण सेकंड इयरच्या पोराला जर्नल वाचून केस घेता येत नाही. मध्य प्रदेशनं २०२२ मध्ये फर्स्ट इयरची पुस्तकं हिंदीत काढली, तसं मराठीत करा असं काहीजण म्हणतात. मी ते मागत नाहीये. माझ्या मते पुस्तक इंग्रजीत असलं तरी चालेल, पण पेशंट मराठीत आहे आणि त्या दोघांच्या मधला पूल कुणी बांधलेलाच नाही.

तो पूल म्हणजे काय ते सांगते, कारण खरा मुद्दा हाच आहे.

आपल्या भागात बाई म्हणते ‘अंगावरनं जातंय’, तेव्हा तो पाळीचा जास्त रक्तस्राव असतो किंवा पांढरं जाणं असतं, दोन्हीला तेच शब्द, लाजून पुढचं बोलत नाही, आपणच हळू विचारायचं. आणि तिचाच मुलगा आजोबांबद्दल सांगतो ‘अंगावरनं वारं गेलं’, तर तो पॅरालिसिस, आणि तिथं घड्याळ चालू झालेलं असतं, कारण गुठळी विरघळवायचं इंजेक्शन साधारण साडेचार तासांच्या आत द्यायला लागतं. मग ‘कधीपासून’ एवढं विचारून भागत नाही, नातेवाईक सांगणार ‘सकाळी उठले तेव्हापासून’. विचारायचं असतं ते हे की शेवटचं धडधाकट कुणी कधी बघितलं, रात्री लघवीला उठले होते का, तेव्हा चालत गेले का. हा प्रश्न मराठीत असा मोडून विचारायला मला इंटर्नशिपमध्ये एका सिस्टरनी शिकवलं.

‘पित्त’ तर वेगळंच प्रकरण. छातीत जळजळ म्हणजे पित्त, अर्धं डोकं ठणकून उलटी झाली म्हणजे पित्त, अंगावर गांधी उठल्या म्हणजे पित्त, पित्ताशयातल्या खड्यांची कळ म्हणजेसुद्धा पित्त. आणि शुगर असलेला साठीचा माणूस ‘पित्तानं छाती भरून आल्यासारखी झालीय’ म्हणत येतो तेव्हा तो हार्ट अटॅक असू शकतो, आधी ईसीजी काढायचा, मग पित्ताचं बोलायचं. हे कुठल्या एमसीक्यूत येणार?

‘पान लागलं’ म्हणजे साप चावला, कारण जुनी माणसं सापाचं नाव तोंडानं घेत नाहीत. मण्यार चावलेल्याच्या अंगावर खूण दिसतेच असं नाही, जमिनीवर झोपलेला माणूस पहाटे पोटात दुखतंय म्हणून उठतो आणि थोड्या वेळानं पापण्या जड व्हायला लागतात. ‘डोळं उघडंनात’ असं पेशंट सांगतो, आपण ते झोप म्हणून सोडून दिलं तर संपलं. घोणस असेल तर कोरड्या काचेच्या टेस्ट ट्यूबमध्ये रक्त घेऊन २० मिनिटं न हलवता ठेवायचं, गोठलं नाही तर अँटीव्हेनम. टेस्ट पुस्तकात आहे, पण ‘पान लागलं’ नाही.

धंद्याचं पण बघा. कोल्हापूरजवळच्या शिरोली नाहीतर गोकुळ शिरगाव एमआयडीसीतला पेशंट म्हणतो ‘कंपनीत आहे’, आम्ही लिहितो सर्व्हिस. पुढचा प्रश्न विचारायचा की कंपनीत नेमकं काय करता, फौंड्री (लोखंडाचं ओतकाम) असली तर मोल्डिंगला (साचे करायला) की फेटलिंगला (ओतलेलं घासून साफ करायला), वाळूची धूळ किती वर्षं खाल्लीय, कारण सिलिकोसिस (त्या धुळीनं होणारा फुफ्फुसाचा आजार) झालेल्याला टीबीचा धोका जास्त. इचलकरंजीचा असेल तर यंत्रमागावर किती वर्षं. उसात तणनाशक मारणारा असेल तर कुठलं, डबीच आणायला सांगायची, पॅराक्वाट नावाचं असेल आणि ते पोटात गेलं असेल तर गरज नसताना ऑक्सिजन दिल्यानं फुफ्फुसाचं नुकसान वाढतं.

आता दुसरी बाजू. माझी एक मैत्रीण आजरा तालुक्यातली, मराठी शाळेतली. पेशंटचं बोलणं तिला पहिल्या वाक्यात कळायचं, म्हाताऱ्या बायका तिचा हात सोडायच्या नाहीत, आमच्या युनिटमध्ये तिच्याएवढी हिस्टरी कुणाचीच नसायची. आणि प्रेझेंट करायला उभी राहिली की इंग्रजीत अडकायची, टेबलापलीकडून ‘बोला बोला, वेळ नाहीये’ ऐकलं की जे माहीत असायचं तेही जायचं. मला पेशंटची भाषा येत नव्हती आणि तिला परीक्षेची. आम्ही दोघी मिळून एक वही केली, डावीकडं पेशंटचा शब्द, मध्ये त्यावर विचारायचे प्रश्न, उजवीकडं ते इंग्रजीत कसं मांडायचं. दोघी पहिल्या अटेम्प्टला पास झालो, आणि मला खात्री आहे की त्या वहीमुळं झालो.

साहेब, माझी मागणी हीच वही आहे. सरकारनं करायची, नाशिकच्या आरोग्य विज्ञान विद्यापीठाकडनं, विषयवार, जिल्ह्याजिल्ह्याच्या शब्दांसकट, कारण गडचिरोलीच्या माडिया बोलणाऱ्या आजीला ‘पान लागलं’ कळणार नाही आणि तिचा शब्द मला कळणार नाही. प्रत्येक विभागातले एक-दोन जुने शिक्षक, वॉर्डातल्या सिस्टर (खरं ज्ञान त्यांच्याकडं आहे), आशाताई आणि रेसिडेंट यांना बसवून शब्द गोळा करायचे, पेशंटची परवानगी घेऊन, ओळख कळणार नाही अशा पद्धतीनं आवाज रेकॉर्ड करायचे, म्हणजे पोरांना ऐकून सराव होईल. फायनलच्या नेहमीच्या लाँग केस आणि शॉर्ट केस पहिल्या प्रश्नापासून प्रेझेंटेशनच्या शेवटच्या ओळीपर्यंत. पीडीएफ फुकट, नेट नसतानाही मोबाईलवर चालणारी, आणि कुणीही झेरॉक्स मारली तर हरकत नाही असं पहिल्या पानावर छापलेलं. याला इमारत लागत नाही, मशीन लागत नाही. आणि इंटर्नल्समध्ये (कॉलेजच्या अंतर्गत परीक्षेत) निदान एक केस पेशंटशी मराठीत बोलताना बघून मार्क द्या, नाहीतर ही वहीपण कपाटात जाईल.

याच्या जोडीला एक साधी गोष्ट, सरकारी कॉलेजच्या लायब्ररी रात्री उघड्या ठेवा. आमच्याकडं संध्याकाळी कुलूप लागायचं, पोस्टिंग आणि लेक्चर संपवून पोरगं पोचेपर्यंत बंद. इथं कोल्हापुरात आले की मी महिन्याचे पैसे भरून खाजगी अभ्यासिकेत बसते, शेजारी एमपीएससीची पोरं असतात. दसरा चौकातनं जाताना बोर्डिंगच्या इमारती दिसतात, शाहू महाराजांनी १९०१ पासून खेड्यातल्या पोरांना राहायला आणि अभ्यासाला जागा मिळावी म्हणून ती वसतिगृहं उभी करायला लावली. मला दरवेळी वाटतं की आमची मागणी त्याच्यापुढं किती लहान आहे, एक चावी, एक रात्रपाळीचा माणूस आणि दिवे.

आमची वही २०० पानी आहे, चौथी चालू आहे. पोटाच्या तक्रारी, गरोदरपण आणि विषबाधा एवढं बऱ्यापैकी झालंय, लहान मुलांचं अर्धवट आहे, मानसिक आजाराचे शब्द फारच कमी मिळालेत कारण लोक ते बोलतच नाहीत. चुका असतील, शिक्षकांनी तपासायला हवं. मैत्रिणीशी बोललेय, तिची तयारी आहे, आम्हाला नाव नको आणि मानधनही नको. चारही वह्या स्कॅन करून ठेवल्यात. तुमच्या ऑफिसला पाठवू की थेट नाशिकला, तेवढं कळवा.

आपली,
एक इंटर्न,
कोल्हापूर