ग्रॅच्युइटी थकलेल्या निवृत्त सभासदांसाठी सूचना

राम राम मंडळी. आपण सारे १९७२ च्या ग्रॅच्युइटी कायद्याच्या काळात निवृत्त झालो, त्यामुळे नोकरी संपल्यावर मालकाने एकरकमी द्यायची ही रक्कम म्हणजे त्याची मेहेरबानी नाही. हक्क आहे. सलग ५ वर्षे नोकरी झाली असली की तो लागू होतो.

हिशोब घरीच करा. शेवटचा मूळ पगार अधिक महागाई भत्ता, भागिले २६, गुणिले १५, गुणिले नोकरीची वर्षे. १३,००० पगार आणि ३० वर्षे असतील तर २,२५,००० रुपये. साखर कारखान्यातल्या हंगामी भावांना दर हंगामाला ७ दिवसांचा पगार मिळतो. पीएफ वेगळा, त्यात हे धरू नका.

पैसे ३० दिवसांत द्यायचे असतात, पुढे साधं व्याज लागतं. ‘कारखाना तोट्यात आहे’ हे कारण कायद्यात नाही. अर्जाला उशीर झाला, एवढ्यावरूनही दावा बुडत नाही. पण आणखी थांबू नका. आधी मालकाकडे लेखी अर्ज देऊन पोच घ्या, तोंडी आश्वासनं पुरे झाली. दाद नियंत्रक प्राधिकाऱ्याकडे, म्हणजे ग्रॅच्युइटीचे दावे ऐकणाऱ्या अधिकाऱ्याकडे मागायची.

गेलेल्या सभासदांच्या वारसांनाही हा हक्क आहे. भुसावळ, चोपडा, शिरपूरकडच्या वहिनींपर्यंत निरोप पोचवा. येत्या रविवारी सकाळी नेहमीच्या ठिकाणी अर्ज भरू. पगारपत्रक आणि नेमणुकीचा कागद आणावा.