तळ्यात भरतीचं पाणी येऊ द्या

महोदय,

2024च्या एप्रिलमधली गोष्ट. सकाळी सहाच्या सुमारास दूध आणायला खाली उतरले, तर आमच्या नेरुळच्या रस्त्यावर दुभाजकाला खेटून एक फ्लेमिंगो पडला होता. जिवंत होता. लांब मान अंगाखाली दुमडलेली, एक पाय हलत होता आणि उघड्या पंखातला गडद गुलाबी रंग डांबरावर पसरला होता. वॉचमनकाकांनी हात आडवा करून रिक्षा थांबवल्या, पक्ष्यावर ओलं गोणपाट टाकलं. शाळेच्या बसमधली मुलं खिडकीला नाक लावून बघत होती, एकाही मुलाचा आवाज नाही. पक्षिमित्र येऊन त्याला खोक्यातून घेऊन गेले.

तो एकटा नव्हता. त्या दिवसांत सीवूड्सच्या डीपीएस (दिल्ली पब्लिक स्कूल) शाळेमागच्या तळ्याच्या परिसरात मेलेले, जखमी फ्लेमिंगो सापडत होते. त्याआधी नेरुळ जेट्टीजवळच्या फलकावर आदळून काही मेले होते. 20 मे रोजी रात्री घाटकोपरला विमानाच्या धडकेत 39 फ्लेमिंगो गेले. आमच्याकडे माणसं चालताना वर बघू लागली. शेजारच्या काकू म्हणाल्या, "अपशकुन आहे गं." त्यांची भीती मला कळते. पण याचं कारण आपल्या पायाशीच आहे.

ओहोटीला हे पक्षी ठाणे खाडीच्या चिखलात चरतात. भरती आली की तो चिखल बुडतो, मग टेकायला उथळ पाणी लागतं, म्हणून ते या तळ्यावर येतात. तळ्यात भरतीचं पाणी आणणाऱ्या वाटाच बुजल्या आणि तळं कोरडं पडलं. रात्री थवा येतो, खाली पाणी नाही, भोवती डोळे दिपवणारे दिवे. बिचाऱ्यांनी उतरायचं कुठे?

2022मध्ये ठाणे खाडीला रामसर दर्जा, म्हणजे जागतिक महत्त्वाची पाणथळ जागा असा मान मिळाला, तेव्हा आम्ही सोसायटीत पेढे वाटले होते. शहरात जागोजागी या पक्ष्यांचे पुतळे आहेत, भिंतींवर चित्रं आहेत. मग जिवंत पक्ष्यांसाठी पाण्याच्या वाटा मोकळ्या ठेवायला काय हरकत आहे? दरवर्षी पक्षी येण्याआधी, दिवाळीच्या सुमारास, त्या साफ व्हाव्यात आणि पावसाळ्यापर्यंत तळ्याकाठचे दिवे रात्री मंद ठेवावेत, ही कळकळीची विनंती. काम झालं की नाही, हे भरतीच्या वेळी काठावर उभं राहिलं तरी दिसेल. मी रोज तिथे फिरायला जाते.

– एक वाचक, नेरुळ, नवी मुंबई